ओलवणातली हाकारी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ओलवण हा माझ्या कथांमधला दलदलीचा मुलुख आणि हाकारी ही तिथली आवाज करणारी वनस्पती. वाचकांकडून येणाऱ्या प्रश्नांपैकी जे पुन्हा पुन्हा येतात त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत. एका प्रश्नात कथेतला पेच फुटतो, तिथे आधीच इशारा दिला आहे.

हाकारी खरी आहे का? बी किंवा कंद कुठे मिळेल?

नाही, ती पूर्ण काल्पनिक आहे. कंद मागणाऱ्यांची मात्र गंमत वाटते, कारण तिचा एकेक अवयव कुठल्या ना कुठल्या खऱ्या झाडाकडून उसना घेतलेला आहे. ही वनस्पती रचताना एक अट पाळली: जादू चालणार नाही. आवाज काढायला ताकद लागते, ती कुठून तरी यायला हवी आणि ती खर्च करून झाडाला काहीतरी परत मिळायला हवं. ओलवणातले कायदे, भांडणं, गाणं, सगळं ह्या जमाखर्चातून आलं आहे.

ती दिसते कशी?

गुडघाभर पाण्यात उभी राहणारी, बोरूच्या जातीतली वाटेल अशी. चिखलात आडवा पसरलेला जाड कंद, त्यातून वर येणारी रुंद पानं आणि पानांच्या मधून सरळ उभ्या राहिलेल्या पोकळ नळ्या. पाण्याच्या वर उरलेली नळी हातभर ते अडीच हात लांब, अंगठ्याएवढी जाड. नळी आतून सलग पोकळ असते, पेरांना पडदे नसतात. खाली पाण्यात तिला बारीक भोकं असतात, त्यामुळे बाहेर जेवढं पाणी तेवढंच आत.

नळीच्या बुडाशी, नेहमीच्या पाण्याच्या जरा वर, एक मऊ फुगवटा असतो. त्याला ओलवणकर ‘भाता’ म्हणतात. भात्यातून एक अरुंद वाट नळीच्या भिंतीतूनच वर चढते आणि तोंडाशी उघडते. तोंड जवळून पाहिलं तर तिथे एक तिरपी फट दिसते. फटीसमोरच्या काठावर नखाएवढं कडक, धारदार पातं असतं. वरून येणारं पावसाचं पाणी आत शिरू नये म्हणून तोंडावर एक वाळकं पान छपरासारखं वाकलेलं असतं. हे पान झडलं की ती नळी मुकी झालीच म्हणून समजा.

आवाज नेमका निघतो कसा? झाडाला फुंकर मारता येते?

येते, आणि हा भाग कल्पनेतला नाही. चिखलात प्राणवायू जवळजवळ नसतो, पण मुळांना तो लागतोच. म्हणून पाणथळ जागी वाढणाऱ्या कित्येक वनस्पती वरून खाली हवा पोचवतात. कमळात आणि पिवळ्या फुलांच्या पाणलिलीत ती नुसती झिरपत नाही, ढकलली जाते. कोवळं पान उन्हाने तापतं, आतली हवा दमट असते, बाहेरची त्या मानाने कोरडी आणि थंड. पानाची छिद्रं इतकी बारीक असतात की बाहेरची हवा आत येत राहते, पण आतला दाब सहजी बाहेर पडत नाही. मग ती हवा देठातून कंदात उतरते आणि जुन्या पानांच्या सैल छिद्रांतून बाहेर निघते. पाणलिलीत अशी दिवसाला वीसेक लिटर हवा वाहू शकते.

हा दाब काहीशे पास्कलपर्यंत जातो. ऑर्गन ह्या वाद्याच्या नळ्या साधारण ५०० ते १००० पास्कल दाबावर वाजतात. हे दोन आकडे एकमेकांच्या इतके जवळ आहेत हे कळलं त्या क्षणी हाकारी जन्मली. मी फक्त जुन्या पानाच्या जागी पातं असलेली फट बसवली. हवेचा पातळ झोत पात्यावर आपटतो, आत-बाहेर डोलायला लागतो आणि नळीतल्या हवेच्या स्तंभाला हलवतो. शिटी आणि बासरी ह्याच तत्त्वावर वाजतात.

मग ती दिवसभर का वाजत नाही?

हवा पुरत नाही म्हणून. सेकंदाला ५० मिलिलिटर हवा खाणारी बारीक नळी धरली तर वीस लिटरमध्ये ती ४०० सेकंद वाजेल, म्हणजे दिवसाची जेमतेम साडेसहा मिनिटं. शिवाय मुळांचा वाटा काढावा लागतो. तेव्हा हाकारी दिवसभर भाता भरते आणि दिवे लागणीला थोड्या थोड्या वेळाने एकेक हाक सोडते. सकाळपासून गात बसणारी झाडं चित्रात छान दिसतात. त्यांचं पोट कसं भरतं हे कुणी सांगत नाही.

पण हाक मारून झाडाला मिळतं काय?

सुरुवातीला काहीच नाही. हवा बाहेर पडायलाच हवी होती, पडताना ती वाजायची, इतकंच. पुढे त्या आवाजाला गिऱ्हाईक मिळालं. झोळ्या नावाचा एक लांब पायांचा पक्षी संध्याकाळी त्या आवाजाच्या रोखाने येतो, नळीच्या तोंडाशी जमलेला मकरंद आणि त्याला चिकटलेले किडे खातो आणि कपाळावर पराग घेऊन पुढच्या हाकेकडे जातो. ज्या नळीचा आवाज स्पष्ट तिच्याकडे झोळ्या जास्त, तिची बीजं जास्त. पुढच्या पिढ्यांमध्ये पातं धारदार होत गेलं.

परागकण नेणाऱ्याला आवाजाने बोलावणं हे वाटतं तितकं अचाट नाही. क्यूबातल्या मार्कग्राव्हिया इव्हेनिया ह्या वेलीच्या फुलांच्या वर वाटीसारखं एक पान असतं. ते वटवाघळाचा आवाज असा परतवतं की त्याला फुलं लवकर सापडतात. २०११ साली हे प्रयोगाने दाखवलं गेलं. ती वेल स्वतः आवाज काढत नाही, दुसऱ्याचाच वापरते. फार काटकसरी झाड. हाकारीपेक्षा हुशार म्हणायला हरकत नाही.

हाक किती लांब ऐकू जाते?

एक नळी एक मीटरवर ८० डेसिबल वाजते असं धरलंय. अंतर दुप्पट झालं की ६ डेसिबल कमी, दहापट झालं की २० कमी. म्हणजे १०० मीटरवर ४० डेसिबल. शांत संध्याकाळी ऐकू येईल, पण त्यापुढे भरवसा नाही. आता शंभर नळ्यांचं बेट घ्या. शंभर स्वतंत्र आवाज एकत्र आले की २० डेसिबलची भर पडते, म्हणून एकटी नळी १०० मीटरवर जेवढी ऐकू येते तेवढं अख्खं बेट एक किलोमीटरवर ऐकू येतं. पानं, गवत, वारा ह्यांची वजावट वेगळी.

संध्याकाळची वेळही फुकटचा फायदा देते. सूर्य खाली गेला की पाण्यालगतची हवा आधी गार होते आणि वर उबदार हवा राहते. आवाज गार हवेकडे वाकतो, त्यामुळे वर निसटून जाण्याऐवजी पाण्याला धरून लांबवर जातो. भर दुपारी ह्याच्या उलट होतं. ज्या हाकाऱ्या दुपारी ओरडायच्या त्यांची हवा वाया जायची.

हाकेवरून पाण्याची पातळी कळते म्हणजे काय? सूर तर उन्हानेही बदलत असेल ना?

सगळ्यात जास्त वेळा विचारला जाणारा प्रश्न हाच, आणि माझा सगळ्यात आवडता. बाटली नळाखाली धरली की भरत जाताना आवाज चढत जातो आणि न बघताही कळतं की आता भरली. हाकारीत तेच होतं. वर तोंड उघडं, खाली पाण्याने बंद. अशा नळीचा सूर हवेच्या स्तंभाच्या लांबीवर ठरतो: आवाजाचा वेग भागिले लांबीची चौपट. २० अंश तापमानाला वेग सेकंदाला ३४३ मीटर. एक मीटरच्या नळीचा सूर साधारण ८६ हर्ट्झ, पुरुषाच्या खर्जातला. अर्ध्या मीटरचा १७२, बरोबर एक सप्तक वर. पाणी चढलं की स्तंभ आखूड होतो आणि सूर चढतो.

पण उन्हाचं काय? आवाजाचा वेग दर अंशाला सेकंदाला साधारण ०.६ मीटरने वाढतो. पहाटे १० अंश आणि दुपारी ३५ अंश असतील तर सूर चार टक्क्यांहून जास्त चढतो, म्हणजे जवळजवळ पाऊण अर्धस्वर. नुसत्या एका नळीवर विसंबलात तर ऊन पडलं म्हणून पूर आला असं वाटायचं.

म्हणून ओलवणात एकटी नळी कुणी ऐकत नाही, जोड ऐकतात. बेटामधून कानाने दोन नळ्या अशा निवडतात की नेहमीच्या पाण्याला एक दुसरीच्या बरोबर सप्तकभर वर लागेल. समजा एक मीटर आणि अर्धा मीटर. ऊन वाढलं तर दोघींचे सूर सारख्याच प्रमाणात चढतात, त्यांच्यातलं अंतर सप्तकाचंच राहतं. पाणी वाढलं की मात्र दोघींमधून सारखेच सेंटिमीटर वजा होतात, आणि आखूड नळीला ते जास्त भोवतात.

१० सेंटिमीटर पाणी चढलं की उरतात ९० आणि ४०. गुणोत्तर सव्वादोन, म्हणजे दोनाला नऊ-अष्टमांशाने गुणलेलं. हा शुद्ध रिषभ. लांब नळीला सा मानलं तर आखूड नळी तार सा सोडून तार रे वर गेली. पावणेसतरा सेंटिमीटरच्या आसपास गुणोत्तर अडीच होतं, तो गंधार. २० ला ८० आणि ३०, मध्यम. २५ ला ७५ आणि २५, पंचम. २९ च्या किंचित आत धैवत. आणि ३३ सेंटिमीटर झाले की पुन्हा सा, आणखी एक सप्तक वर. आकडे मी जमवलेले नाहीत, भागाकार करून पाहा.

म्हणून ओलवणकर पाण्याचं माप सुरांनी सांगतात. “पाणी रिषभाला आलंय” म्हणजे गुरं हलवा. “मध्यमाला” म्हणजे धान्य वर चढवा. पंचमाला कुणी घरात थांबत नाही. मापातली एक वाईट गोष्टही त्यांना ठाऊक आहे: सा पासून रे पर्यंत १० सेंटिमीटर लागतात, म पासून प पर्यंत पाचच. पाणी एकाच वेगाने चढत असलं तरी सूर शेवटी शेवटी धावत सुटतात.

(नळीच्या तोंडामुळे स्तंभ दिसतो त्यापेक्षा किंचित लांब वागतो, हे कळवणाऱ्यांचे आभार. वरच्या लांब्या तो वाढावा धरूनच आहेत. जोड पट्टीने मापून नाही, कानाने लावतात. त्यामुळे ती दुरुस्ती आपोआप होते.)

नळी वाढत असेल, मग जोड बिघडत नाही?

नळी एका हंगामात पूर्ण उंची गाठते आणि मग फक्त कडक होते, लांब होत नाही. बांबूचंही असंच असतं, काही महिन्यांत पूर्ण उंची आणि पुढे नुसता टणकपणा. जोड निवडतात ती कडक झालेल्या नळ्यांतून. तीन-चार वर्षांनी त्या कुजतात आणि नवी जोड शोधावी लागते. शोधावी लागते, करता येत नाही. कापून लांबी जुळवायला गेलं की पातं जातं.

पूर ढगाळ हवेत येतो. ऊन नाही तर भाता भरणार कसा?

हा प्रश्न विचारणाऱ्यांपुढे मी हात जोडतो, कारण ह्याने हाकारी जवळजवळ मोडीत निघाली होती. पाऊस लागून राहिला की पान तापत नाही, बाहेरची हवाही दमट असते, दाब तयार होत नाही. ओलवणात अशा काळाला मुके दिवस म्हणतात आणि तेव्हा संध्याकाळची हाक खरोखरच बंद असते.

उत्तर पाण्यानेच दिलं. भाता नेहमीच्या पाण्याच्या जरा वर असतो. पाणी चढून तो बुडाला की बाहेरून दाबला जातो. पाण्याच्या दर सेंटिमीटर खोलीला ९८ पास्कल. पाच सेंटिमीटर बुडाला की ५०० च्या जवळ, म्हणजे ऑर्गनइतका दाब. तेव्हा ऊन असो नसो, आदल्या उघडिपीत भरलेली हवा पाणीच पिळून बाहेर काढतं आणि नळी वाजते. ही पाणहाक. संध्याकाळच्या हाकेसारखी ती तुटक नसते, सलग असते आणि वाजता वाजता चढत जाते.

फक्त ती एकदाच येते. भात्यात दोन लिटर हवा असेल तर ४० सेकंद. पाणी हळूहळू चढलं तर तीच हवा तुकड्यातुकड्याने निघते, पण एकूण साठा तेवढाच. नंतर ऊन पडेपर्यंत झाड मुकं. शिवाय मुक्या दिवसांतल्या पहिल्या पाण्याला ज्या भात्यांनी हवा खर्चून टाकली ते दुसऱ्या लोंढ्याला गप्प राहतात. ओलवणातली माणसं पहिल्या पुरात मरत नाहीत, दुसऱ्यात मरतात.

कानकरी म्हणजे कोण? ते सगळे म्हातारे का दाखवले आहेत?

कानकरी म्हणजे जोडीवर नेमलेला ऐकणारा. मुक्या दिवसांत तो रात्रभर मचाणावर असतो. हुद्दा वंशपरंपरेने मिळत नाही. परीक्षा असते, आणि ती गाणाऱ्यांना सोपी जाते.

म्हातारे असण्याचं कारण कानात आहे. वय वाढलं की आधी वरच्या पट्टीतले आवाज जातात, काही हजार हर्ट्झच्या वरचे. हाकारीचा सगळा कारभार शंभरच्या आसपास सुरू होऊन पाचशेच्या आसपास संपतो. तिथे सत्तरीचा कान बऱ्याचदा विशीच्या कानाइतकाच कामाचा असतो. रात्री झोप न लागणं ही एरवीची तक्रार इथे नोकरीची पात्रता ठरते. तरुणांना शेतात कमी पडायला नको, हा हिशेबही त्यात आहेच. गावं उगाच कुणाला मान देत नाहीत.

‘चिखलाची चोरी’ ह्या कथेत सखूआजीला फसवणूक कळली कशी? (पेच फुटतो, कथा वाचली नसेल तर हा प्रश्न सोडा.)

डोंगरावर बांध घालणाऱ्या बांधवाल्यांना रात्री गुपचूप पाणी सोडायचं आहे. नळी बुजवली तर हाक बंद पडल्याचं लगेच कळेल. म्हणून ते हुशारी करतात: फक्त आखूड नळीत साडेपाच सेंटिमीटर चिखल भरतात. लांबी उरते साडेचव्वेचाळीस, आणि जोड नेहमीच्या पाण्यालाही रिषभ वाजवायला लागते. पहिले काही दिवस धावपळ होते, पाणी येत नाही, मग लोक म्हणतात जोड जुनी झाली. खोट्या रिषभाची सवय लागते. नंतर खरा रिषभ वाजला तरी कोण उठणार?

सखूआजी उठते, कारण त्या रात्री तिला अंतर वाढण्याऐवजी कमी होताना ऐकू येतं. पाणी चढायला लागलं तेव्हा लांब नळी चढू लागली, पण आखूड नळीचं बूड चिखलाचं. पाणी चिखलाच्या वर येईपर्यंत तिचा सूर जागचा हलणार नाही. त्यामुळे दोघींमधलं अंतर आधी आवळलं, मग पुन्हा सैल होत रिषभाला आलं. खऱ्या जोडीत पाणी चढताना अंतर फक्त वाढतं. “रे उतरला, बाई. पाण्याने रे कधी उतरत नाही,” एवढंच ती सुनेला म्हणते आणि मशाल लावते. पुष्कळांना ते वाक्य काव्य वाटलं. तो पुरावा आहे.

ओलवणातलं गाणं कसं असतं?

संध्याकाळी जोडीतल्या लांब नळीचा जो सूर तो त्या दिवसाचा सा. कालचा सा आज नाही, त्याचं कुणाला काही वाटत नाही. आपल्याकडेही षड्ज गाणाऱ्याच्या गळ्यावर ठरतो, तसा तिथे पाण्यावर आणि हवेवर ठरतो. तंतुवाद्यं रोज नव्याने लावावी लागतात. पक्क्या सुराचं वाद्य, म्हणजे पेटीसारखं काही, तिथे कधी रुजलं नाही.

एक बंधन आहे. पावसाळ्यात अंधार पडल्यावर खर्जात गायचं नाही आणि बासरी वाजवायची नाही. कानकऱ्याचा कान गोंधळू नये म्हणून. पोरं मडक्यात तोंड घालून हुबेहूब पाणहाक काढतात, त्याला मात्र मारच मिळतो. ओलवणाच्या कायद्यात खोटी हाक ही चोरीपेक्षा मोठी गोष्ट आहे.

कापून आणलेली नळी वाजते का?

फुंकली तर वाजते, एकाच सुरात. खाली पाणी नाही, बुडाशी भाता नाही. डोंगरावरचे लोक ती शोभेला घेतात. ओलवणकर तिला मेलेली हाक म्हणतात आणि घरात ठेवत नाहीत.

वाजणाऱ्या नळीजवळ दिवा न्यायला मनाई का?

दलदलीच्या चिखलात मिथेन तयार होतो आणि पाणवनस्पतींच्या पोकळ देठांतून तो खरोखरच वर येतो. हवेत तो साधारण ५ ते १५ टक्के असला की पेट घेतो. रोज संध्याकाळी स्फोट होत नाहीत, पण वाळकं छप्पर पेटायला तेवढं पुरे.

खऱ्या जगात आवाज करणारी झाडं आहेत का?

आहेत, आणि कुणीही हौसेने गात नाही. पूर्व आफ्रिकेत अकेशिया ड्रेपॅनोलोबियम नावाची बाभूळ आहे. तिच्या काट्यांच्या बुडाशी फुगीर पोकळ्या असतात, त्यात मुंग्या राहतात. मुंग्यांनी पाडलेल्या भोकांवरून वारा गेला की शीळ वाजते. आपल्याकडे भोकं पडलेल्या बांबूच्या बनात हेच होतं. संस्कृत कवींनी त्या बांबूला कीचक म्हटलं आणि वाऱ्याला वादक. उष्ण कटिबंधी अमेरिकेतल्या ह्युरा क्रेपिटन्स ह्या झाडाची फळं वाळली की फटाक्यासारखी फुटून बिया लांब उडवतात.

आपल्याला न ऐकू येणारे आवाज वेगळेच. तहानलेल्या झाडाच्या जलवाहिन्यांत पाण्याचा धागा तुटून हवेचा बुडबुडा होतो, तेव्हा बारीक टिचकी वाजते. २०२३ साली तेल अवीव विद्यापीठातल्या संशोधकांनी टोमॅटो आणि तंबाखूच्या रोपांचे असे आवाज काही अंतरावरून ध्वनिमुद्रित केल्याचं प्रसिद्ध केलं: साधारण ४० ते ८० किलोहर्ट्झ, पाणी तोडलेल्या रोपातून तासाला ३० ते ५०, सुखात असलेल्या रोपातून तासाला एकाहूनही कमी. बातम्यांनी त्याला झाडांचा आक्रोश म्हटलं. नळातल्या हवेच्या गुडगुडीला कुणी आक्रोश म्हणत नाही.

हाकारीला वेदना होतात का? ती माणसांना सावध करते म्हणजे तिला माया असेल ना?

नाही आणि नाही. मँड्रेकचं मूळ उपटलं की ते किंचाळतं आणि ऐकणारा मरतो, अशी मध्ययुगीन युरोपात समजूत होती. त्या दंतकथेत झाड माणसावर डूख धरतं. हल्लीच्या गोष्टींत ते माणसावर माया करतं. दोन्हीत मध्यभागी माणूसच. हाकारी चिखलात श्वास घेते, झोळ्याला बोलावते आणि बुडताना हवा सोडते. ओलवणात कुणी वस्ती केली नसती तरी तिने हेच केलं असतं. माझी पात्रं तिची पूजा करतात, तो त्यांचा प्रश्न आहे. सखूआजी करत नाही.

डोंगरावरचा बांध पूर्ण झाल्यावर हाकारीचं काय होतं?

पाणी एका पातळीवर स्थिर राहतं. नळ्या मरत नाहीत, संध्याकाळी वाजतातही, पण जोड रोज सा वर. भाते बुडत नाहीत. पुढच्या पिढीतल्या मुलांना सप्तक ऐकू येतं, रिषभ कसा लागतो ते माहीत नाही. बांध शंभर वर्षं टिकेल असं बांधवाले सांगतात. पुढच्या कथा तिथून सुरू होतात, त्यामुळे इथे एवढंच.

ही वनस्पती मी माझ्या गोष्टीत किंवा खेळात वापरू का?

खुशाल वापरा. नाव बदललंत तरी चालेल, आकडे बदललेत तर भागाकार पुन्हा करा. नळीच्या लांबीचं प्रमाण दुपटीऐवजी दीडपट घेतलंत तर सुरांची वेगळीच माळ मिळते. घरी करून बघायचं असेल तर दोन नळ्या, एक बादली आणि फुंकणारी दोन माणसं पुरतात. नळ्या उभ्या बांधा, बादलीत पाणी ओतत जा आणि तिसऱ्याला डोळे मिटून ऐकायला बसवा.